इग्लूलिकचा चित्रकथी

एखाद्या लोकसमूहाची ओळख जगाला कोण करून देतो, यावर त्या समूहाचें पुष्कळसें भवितव्य अवलंबून असतें. प्रवासी येतो, चार महिने राहतो, टिपणें करतो, चित्रें घेतो आणि परत जातो. पुढें त्याचें टिपण हेंच प्रमाण ठरतें. आणि ज्यांच्याविषयीं तें लिहिलेलें असतें त्यांना तें वाचावयासही मिळत नाहीं. उत्तर ध्रुवाच्या परिसरांत राहणाऱ्या इन्युइट लोकांच्या वांट्यास हा प्रकार इतरांपेक्षां अधिक आला. भूगोलाच्या पुस्तकांतून पिढ्यान्‌पिढ्या मुलांनीं ‘एस्किमो’ हें नांव पाठ केलें. बर्फाचें घुमटाकार घर, कातड्याचा अंगरखा, कुत्र्यांनीं ओढलेली गाडी आणि सीलची शिकार, एवढ्या चार खुणांत एका संबंध समाजाची बोळवण झाली. हे लोक स्वतःला ‘इन्युइट’ म्हणजे ‘माणसें’ म्हणवितात, हें सांगण्याची आवश्यकता त्या पुस्तकांना क्वचितच भासली. या समाजांतील एका कलावंतानें हातीं कॅमेरा घेऊन ही ओळख आपल्या लोकांकडे परत कशी आणली, त्याचा इतिहास मोठा उद्बोधक आहे.

जुन्या ओळखीचा सर्वांत प्रभावी ग्रंथ कागदावर लिहिलेला नसून चित्रपटाच्या फितीवर उमटलेला होता. १९२२ सालीं रॉबर्ट फ्लाहर्टी या अमेरिकन गृहस्थानें ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा मूकपट प्रसिद्ध केला. हडसन उपसागराच्या पूर्व किनाऱ्यावर, आज इनुक्जुआक म्हणून ओळखल्या जाणाऱ्या ठाण्याच्या परिसरांत, १९२० व १९२१ या सालांत तो घेतला गेला. आणि त्याचा खर्च रेव्हिऑन या फ्रेंच पेढीनें सोसला. केसाळ कातड्यांचा व्यापार हा या पेढीचा धंदा. माहितीपटांच्या इतिहासांत या चित्राला अग्रपूजेचा मान दिला जातो, आणि त्यांतील सौंदर्य अद्यापिही ओसरलेलें नाहीं. परंतु त्यांतील नायकाचें नांव नानूक नव्हतें. तें अलाकारिआलाक असें होतें. त्याची पत्नी म्हणून दाखविलेली स्त्री त्याची पत्नी नव्हती. त्या भागांतील शिकारी तेव्हां बंदुका वापरीत असत. चित्रांत मात्र त्यांनीं पूर्वजांचे भाले हातीं धरावे अशी योजना झाली. बर्फाच्या घरांत उजेड पुरेना, म्हणून घर अर्धेंच बांधण्यांत आलें आणि उघड्या थंडींत कुटुंबानें झोपेचें सोंग केलें. ग्रामोफोनची तबकडी पाहून नानूक चकित होतो व ती दांतांनीं चावून पाहतो, असा एक प्रसंग आहे. त्यावर देशोदेशींचे प्रेक्षक हंसले. वास्तविक फ्लाहर्टीचें यंत्र सांभाळण्यांत आणि फिल्म धुण्यासाठीं बर्फ फोडून पाणी आणण्यांत हेच इन्युइट सोबती त्याचे उजवे हात होते. त्यांचें कौशल्य चित्राच्या पाठीमागें राहिलें. चित्रांत दिसलें तें त्यांचें भोळेपण, आणि तेंही शिकवून करवून घेतलेलें.

चित्र प्रसिद्ध झाल्यावर थोड्याच काळांत अलाकारिआलाक मरण पावला. तो शिकारीस गेला असतां भुकेनें मेला अशी वार्ता पसरली, आणि ती चित्राच्या कीर्तीला पोषकच ठरली. त्याला क्षयानें मृत्यु आला असावा, असें पुढील अभ्यासक मानतात. त्याच्या मरणाची कथा सुद्धां दुसऱ्यानेंच सांगितली.

यानंतर अकरा वर्षांनीं, १९३३ सालीं, हॉलिवुडच्या मेट्रो-गोल्डविन-मेयर या संस्थेनें ‘एस्किमो’ नांवाचा मोठा बोलपट काढला. त्यांतील नायक रे माला हा अलास्कांत जन्मलेला असून त्याची आई तेथील इन्युपिअक समाजाची होती. पात्रें आपल्या भाषेंत बोलतात आणि अर्थ पडद्यावर अक्षरांनीं उमटतो, ही त्या काळीं नवलाची गोष्ट होती. परंतु नायिकांच्या भूमिका पूर्व आशियाई वंशाच्या नट्यांकडे गेल्या. तोंडवळा जुळला म्हणजे झालें, असा हिशेब. रे माला याला तर पुढें दक्षिण समुद्रांतील बेटांवरचा रहिवासी म्हणूनही उभें करण्यांत आलें. बर्फांत वाढलेला माणूस नारळीच्या झाडांखालीं शोभून दिसला, कारण प्रेक्षकांना हवा होता तो केवळ ‘परका मनुष्य’. तो कोठला, याची चौकशी कोणी करीत नव्हतें.

या पार्श्वभूमीवर झॅकरायस कुनुक यांचें चरित्र पाहिलें पाहिजे. त्यांचा जन्म २७ नोव्हेंबर १९५७ रोजीं कापुइविक या जागीं झाला. कॅनडाच्या अगदीं उत्तरेस, बॅफिन बेट आणि मेल्व्हिल द्वीपकल्प यांच्यामधील समुद्रांत इग्लूलिक नांवाचें लहानसें बेट आहे; त्याच परिसरांत कापुइविक येतें. तेथें हिवाळ्यांत कित्येक आठवडे सूर्य क्षितिजावर येत नाहीं, आणि उन्हाळ्यांत कित्येक आठवडे तो मावळत नाहीं. कुनुक यांचें कुटुंब शिकारीवर जगणारें, ऋतूंप्रमाणें मुक्काम बदलणारें होतें. रात्रीं झोपतांना आईनें सांगितलेल्या गोष्टी हेंच मुलांचें विद्यालय. त्याच काळांत कॅनडाचें सरकार इन्युइट लोकांना एके ठिकाणीं वसविण्याच्या खटपटींत होतें. कारभाराच्या सोयीसाठीं माणसांना क्रमांक कोरलेल्या चकत्या देण्याची पद्धतही तेव्हां चालू होती. आईबापांनीं ठेवलेलें नांव दप्तरांत गौण आणि चकतीवरचा आंकडा मुख्य. १९६६ सालीं, वयाच्या नवव्या वर्षीं, कुनुक यांना शाळेसाठीं इग्लूलिकच्या वस्तींत आणण्यांत आलें. तेथील शिक्षण इंग्रजींतून चाले.

गांवच्या सभागृहांत चित्रपट दाखवीत. तिकिटाला नाणें लागे आणि तें या मुलापाशीं नसे. तेव्हां तो शंखजिऱ्याच्या जातीचा मऊ दगड कोरून लहान लहान मूर्ति करूं लागला व त्या विकून आलेल्या पैशांत चित्रपट पाहूं लागला. पडद्यावर जॉन वेन घोड्यावर बसून येई आणि अमेरिकेंतील मूळ रहिवाशांशीं लढे. बाणांनीं विंधलेले सैनिक पाहून हा इन्युइट मुलगा हादरून जाई; त्याची सारी सहानुभूति सैनिकांकडे असे. शाळेनें आपल्याला सैनिकांच्या बाजूनें विचार करावयास शिकविलें, असें पुढें कुनुक यांनीं स्वतःच सांगितलें आहे. चित्राची मोहिनी ती हीच कीं, ज्याच्या डोळ्यांनीं तें दाखविलें जातें त्याचाच पक्ष प्रेक्षक नकळत घेतो, मग तो पक्ष आपल्या आप्तांच्या विरुद्ध कां असेना.

कुनुक पुढें चांगले मूर्तिकार झाले. १९८१ सालीं ते आपलीं तीन शिल्पें घेऊन माँट्रिअलला गेले, तीं विकलीं, आणि त्या पैशांतून एक व्हिडिओ कॅमेरा, चित्रमुद्रणाचें यंत्र व दूरचित्रवाणीचा संच विकत घेऊन परतले. यांतील विशेष असा कीं, त्या वेळीं इग्लूलिकमध्यें दूरचित्रवाणी नव्हतीच, आणि ती नसण्यास गांवकऱ्यांचा ठराव कारणीभूत होता. १९७५ सालीं व पुन्हां १९७९ सालीं मत घेऊन गांवानें ती नाकारली होती. कारण तिच्यावरील एकूण एक कार्यक्रम परभाषेंतील होते. मुलें घरांत बसून दिवसभर परकी भाषा ऐकूं लागलीं तर वडीलधाऱ्यांच्या गोष्टी कोण ऐकणार, ही ती भीति. पुढें इन्युइट लोकांचें स्वतःचें ध्वनिचित्रक्षेपण मंडळ स्थापन झालें, आपल्या भाषेंतील कार्यक्रम मिळूं लागले, आणि मग १९८३ सालीं गांवानें संमति दिली. या अल्पशिक्षित गणलेल्या शिकाऱ्यांनीं एका यंत्राविषयीं जो विवेक दाखविला, तो मोठमोठ्या नगरांनीं दाखविल्याचें दिसत नाहीं. त्यांनीं यंत्राला विरोध केला नाहीं. यंत्रांतून कोण बोलतो, एवढाच प्रश्न विचारला.

कुनुक या मंडळांत काम करूं लागले. तेथें त्यांना पॉल अपाक अँगिलिर्क हे सहकारी लाभले. परंतु मंडळाचीं सूत्रें दूर दक्षिणेकडील शहरांतून हालत, व खर्चाचा आणि विषयांचा निर्णय तिकडे होई. तेव्हां १९९० सालीं कुनुक, अपाक, वयोवृद्ध पौलूसी कुलिटालिक आणि न्यूयॉर्कहून येऊन इग्लूलिकला स्थायिक झालेले छायाचित्रकार नॉर्मन कोहन या चौघांनीं ‘इसुमा’ नांवाची संस्था काढली. इसुमा म्हणजे विचार. पूर्वीचे लोक कसे राहत, बर्फाचें सामुदायिक घर कसें उभारीत, ओढ्यांत दगडांचा बांध घालून मासे कसे धरीत, हें ज्यांनीं स्वतः अनुभविलें होतें असे वृद्ध अद्याप हयात होते. इसुमानें त्यांना शिक्षक केलें, गांवकऱ्यांना नट केलें, आणि १९४५ च्या सुमाराचें लोकजीवन दाखविणारी ‘नुनावुट’ ही तेरा भागांची मालिका तयार केली. वृद्धांनीं सांगावें, तरुणांनीं करून पाहावें आणि कॅमेऱ्यानें नोंदवावें, अशी ती कार्यपद्धति होती. कित्येक तरुणांनीं आजोबांच्या पद्धतीचें घर प्रथम बांधलें तें चित्रीकरणासाठीं. पण बांधतां बांधतां तें त्यांना खरोखरच येऊं लागलें.

यानंतर त्यांनीं मोठें धाडस आरंभिलें. अटानारजुआट याची कथा त्या भागांत शतकानुशतकें तोंडोतोंडीं चालत आली होती. कुनुक यांनीं ती लहानपणीं आईकडून ऐकली होती. एका लहान वस्तींत बाहेरून आलेला मांत्रिक दुहीचें बीज पेरतो; त्यांतून वैर वाढतें; शत्रु झोपलेल्या भावांवर तंबूवरूनच भाले चालवितात; थोरला भाऊ मारला जातो, आणि धाकटा अटानारजुआट नग्नावस्थेंत, अनवाणी, फुटक्या समुद्रबर्फावरून धांवत प्राण वांचवितो. अपाक यांनीं आठ वृद्धांकडून ही कथा ऐकून, निरनिराळे पाठ ताडून पाहून, इनुक्टिटुट भाषेंत पटकथा सिद्ध केली. परंतु द्रव्याची अडचण उभी राहिली. देशाच्या चित्रपटनिधींत इंग्रजी व फ्रेंच चित्रपटांसाठीं भरीव तरतूद होती. मूळ रहिवाशांच्या भाषांसाठीं ठेवलेली रक्कम मात्र इतकी अल्प कीं तींत पूर्ण लांबीचा चित्रपट होणें अशक्य. जणूं या भाषांत कोणी मोठी गोष्ट सांगणारच नाहीं, असें आधींच ठरून गेलें होतें. भांडून, अर्जविनंत्या करून, इसुमानें ही कोंडी फोडली, आणि कॅनडाचें राष्ट्रीय चित्रपट मंडळ सहनिर्माता म्हणून पुढें आलें. तोंवर १९९८ साल उलटलें होतें. त्याच सालीं अपाक कर्करोगानें निवर्तले. ज्या कथेचे आठ पाठ त्यांनीं एकत्र गुंफले ती पडद्यावर पाहणें त्यांच्या नशिबीं नव्हतें.

चित्रीकरण १९९९ सालीं झालें. त्याच वर्षीं १ एप्रिल रोजीं ‘नुनावुट’, म्हणजे ‘आपली भूमि’, या नांवाचा इन्युइट बहुसंख्येचा स्वतंत्र प्रदेश कॅनडांत अस्तित्वांत आला, हा योगायोग ध्यानांत ठेवण्यासारखा आहे. पात्रांचे पोशाख गांवच्या स्त्रियांनीं कातड्यांचे शिवले. हत्यारें, दिवे, होड्या जुन्या पद्धतीनें तयार झाल्या. नायकाची भूमिका नाटार उंगालाक यांनीं केली. तेही मूळचे मूर्तिकारच. एका बाबतींत मात्र कुनुक व त्यांचे सहकारी परंपरेपासून जाणूनबुजून दूर गेले. जुन्या कथेंत अटानारजुआट परत येऊन शत्रूंना ठार करतो. चित्रपटांत तो त्यांना जमिनीवर लोळवितो, सोटा उगारतो आणि नेमक्या त्या क्षणीं हात आंवरतो; ही हत्या येथेंच थांबली पाहिजे, असें बजावतो. वस्तींतील वृद्धा अपराध्यांना क्षमा करून वस्तीबाहेर घालविते. ज्या समाजाला आज आत्महत्या, दारू व घरोघरचा कलह यांनीं ग्रासलें आहे, त्यानें सुडाची सांखळी तुटलेली पाहावी, हा त्यांतील हेतु सहज समजण्याजोगा आहे. परंपरा जिवंत असल्याची खूण हीच कीं, तिचे वारस तिच्यांत जबाबदारीनें बदल करूं शकतात.

जवळजवळ तीन तासांचा हा चित्रपट, संपूर्णपणें इनुक्टिटुट भाषेंत लिहिलेला, दिग्दर्शित व अभिनीत असा पहिलाच. त्याचा पहिला खेळ इग्लूलिकच्या लोकांपुढें झाला. २००१ सालीं फ्रान्समधील कान येथील महोत्सवांत पदार्पणाच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटासाठीं असलेलें ‘कॅमेरा द’ऑर’ हें पारितोषिक त्यास मिळालें. कॅनडाच्या जिनी पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपट व दिग्दर्शन यांचे मान त्यानें मिळविले. पटकथेचा मान दिवंगत अपाक यांना देण्यांत आला. २०१५ सालीं टोरांटोच्या महोत्सवानें घेतलेल्या कौलांत आजवरच्या कॅनडियन चित्रपटांत त्याला पहिलें स्थान मिळालें.

येथें एक आक्षेप उपस्थित होणें स्वाभाविक आहे. फ्लाहर्टीनेंही जुन्या काळचें जीवन मांडून दाखविलें आणि कुनुक यांनींही तेंच केलें. मग एकाला दूषण आणि दुसऱ्याला भूषण कां? कुनुक यांचा कॅमेरा परक्यांच्या कारखान्यांतला, द्रव्य सरकारचें, छायाचित्रकार न्यूयॉर्कचा. आक्षेप पोकळ नाहीं. परंतु त्याचें उत्तर चित्रपटाच्या शेवटीं आहे. कथा संपल्यावर नामावलीबरोबर चित्रीकरणाचीं दृश्यें दिसूं लागतात. धांवणाऱ्या नायकापुढें कॅमेरा घेऊन चाललेली बर्फगाडी, जाड कोट घातलेले तंत्रज्ञ, हंसणारे गांवकरी, हें सर्व प्रेक्षकांस मोकळेपणानें दाखविलें जातें. फ्लाहर्टीनें अर्धें घर लपविलें. इसुमानें तें उघडें केलें. हे लोक भूतकाळांत अडकलेले नाहींत, ते आजचे असून आपल्या भूतकाळाची कथा आपणच सांगत आहेत, असें तीं दृश्यें सांगतात. दुसरा भेद याहून मोठा. फ्लाहर्टीला आपल्या चित्राचा जाब अलाकारिआलाकच्या नातवंडांपुढें द्यावा लागला नाहीं. कुनुक यांना मात्र चित्रांतील चुकीचा टांका किंवा चुकीचा शब्द दाखवून देणारी म्हातारी दुसऱ्या दिवशीं दुकानांत भेटणार होती.

पुढील चित्रपटांत कुनुक यांनीं आपल्या समाजाच्या जखमांना हात घातला. २००६ सालीं कोहन यांच्यासमवेत त्यांनीं ‘द जर्नल्स ऑफ क्नूड रासमुसेन’ हा चित्रपट केला. डॅनिश संशोधक रासमुसेन हा ग्रीनलंडमध्यें वाढलेला, इन्युइट भाषा जाणणारा पुरुष होता. १९२२ सालीं तो इग्लूलिकच्या परिसरांत अव्वा नांवाच्या मांत्रिकाच्या घरीं गेला आणि त्याच्या तोंडून जुनी श्रद्धा, निषेध, भीति व साहाय्यक देवता यांची हकीकत त्यानें लिहून घेतली. ज्या वर्षीं नानूकचें खोटें भोळेपण पाहून जग हंसत होतें, त्याच वर्षीं शेंकडों मैल उत्तरेस एक इन्युइट विचारवंत आपलें तत्त्वज्ञान एका ऐकून घेणाऱ्या पाहुण्यास समजावून सांगत होता. पुढें अव्वानें ख्रिस्ती धर्म स्वीकारला. चित्रपट त्या धर्मांतराचा पुरस्कारही करीत नाहीं आणि धिक्कारही करीत नाहीं. भुकेच्या दिवसांत माणसाला आपल्या देवतांचा निरोप घ्यावा लागतो, तेव्हां त्याच्या मनांत काय चालतें, एवढेंच तो दाखवितो.

२०१६ सालच्या ‘मालिग्लुटिट’ या चित्रपटाचें कथानक तर जॉन वेनच्याच ‘द सर्चर्स’ या १९५६ सालच्या प्रसिद्ध चित्रपटावरून घेतलेलें आहे. मात्र यांत घोडे नाहींत, सैनिक नाहींत. आहेत त्या कुत्र्यांच्या गाड्या आणि इन्युइट माणसें. सभागृहाच्या अंधारांत बसून परक्या सैनिकांसाठीं हळहळणाऱ्या त्या मुलानें तीच गोष्ट अर्धशतकानें स्वतःच्या भूमीवर, स्वतःच्या भाषेंत सांगून दाखविली.

२०१९ सालीं व्हेनिस येथील जागतिक कलाप्रदर्शनांत कॅनडाच्या दालनाचा मान इसुमास मिळाला. इन्युइट कलावंतांस तो प्रथमच मिळत होता. तेथें मांडलेला चित्रपट ‘वन डे इन द लाइफ ऑफ नोआ पिउगाटुक’ हा होय. स्थळ कापुइविक, म्हणजे कुनुक यांचें जन्मस्थान. काळ १९६१ सालचा मे महिना. बर्फावर चहाचें आधण ठेवून शिकारी बसले आहेत. सरकारचा एक गोरा प्रतिनिधि दुभाष्यासह येतो आणि वस्तींत येऊन राहा, घरें मिळतील, मुलांना शाळेंत घाला, असें नोआला सांगूं लागतो. साखर वांटली जाते, बिस्किटें वांटलीं जातात, दुभाषा घाम गाळतो. एकाचें बोलणें दुसऱ्यास पुरतें पोंचत नाहीं. नोआ शांतपणें नकार देत राहतो. प्रतिनिधि वाईट मनुष्य नाहीं. तो केवळ एका गोष्टीची कल्पनाच करूं शकत नाहीं कीं, समोरच्या माणसापाशीं गमावण्यासारखें काहीं असेल.

त्या दिवसांत कुनुक तीनचार वर्षांचे होते, आणि पांच वर्षांनीं तेही शाळेसाठीं वस्तींत आले. ‘नुनावुट’ मालिकेंत ज्यांनीं दगड रचून दाखविले, दिव्याची वात कशी सारावी तें शिकविलें, त्या वृद्धांपैकीं बहुतेक आतां हयात नाहींत. २०२१ सालीं इन्युइट भाषेंतील कार्यक्रमांना वाहिलेली ‘उवागुट’ ही दूरचित्रवाणीची वाहिनी सुरू झाली. उवागुट म्हणजे ‘आपण’. ज्या गांवानें परकी भाषा घरांत नको म्हणून दोनदां दार लावून घेतलें, त्याच गांवच्या लोकांचें बोलणें आतां त्या दारांतून बाहेर जातें. शेजारच्या घरांतून कोणाच्या तरी मृत आजोबांचा आवाज ऐकूं येतो, आणि तो कोणाचा आहे हें मुलांना नांवानिशीं ठाऊक असतें.